बिनछाप्याच्या मागावर

वऱ्हाडात जाऊन पाहायचं काय, असं निघताना मला शेजारणींनी विचारलं होतं. परत आल्यावर मी सांगितलं, की एका म्हशीवरचं कवन पाठ केलं, संत्र्याच्या बागेत एक खटला ऐकला आणि एक पोलीस चौकी आतून पाहिली. तेव्हापासून आमच्या वाड्यात माझ्याकडे जरा जपून पाहिलं जातं. म्हणून सगळं नीट लिहून काढते. ज्यांना वाचायचं नसेल त्यांनी पुढच्या सुट्टीत महाबळेश्वरला जावं.

अकोला

माझी मोठी बहीण, अक्का, लग्न होऊन अकोल्याला गेली तेव्हा ते मध्यप्रदेशात होतं. आता वऱ्हाड आपल्या राज्यात आलं, तेव्हा नाताळच्या सुट्टीत मीही जाऊन यावं असं ठरवलं. स्टेशनावर टांगेवाल्याने पहिलाच प्रश्न केला, "काहून आल्या, बाई?" मला वाटलं, याची माझ्या येण्याला हरकत आहे. मी जरा ताठ्याने म्हटलं, बहिणीकडे आले आहे. तर त्याने माझी वळकटी उचलली आणि जठारपेठेपर्यंत त्या बहिणीची, तिच्या नवऱ्याची आणि आमच्या आईची चौकशी केली. आमच्या पुण्यात गोड बोलून माणसाला दारातूनच वाटेला लावतात. इथे खेकसल्यासारखं बोलतात आणि जेवायला बसवतात. हे कळायला मला दोन दिवस लागले.

दुसऱ्या दिवशी अक्काने भाजीवाल्याकडून सांभार आणायला सांगितलं. भाजीवाल्याकडे सांभार कसं मिळेल, असं म्हणत मी गेले आणि कोथिंबिरीची जुडी घेऊन आले; इकडे तिलाच सांभार म्हणतात. आमटीत गूळ शोधायचं मी त्याच दिवशी सोडून दिलं.

अक्काचे यजमान, म्हणजे माझे भाऊजी गोविंदराव, वकील आहेत. कोर्टात ते पुणेरी बोलतात, घरात दोन्ही मिसळून आणि रागात अस्सल वऱ्हाडी. मी गेले तेव्हा ते वऱ्हाडीच बोलत होते. कारण असं, की पावसाळ्याच्या अखेरीस त्यांच्याकडे एका म्हातारीचा दावा आला होता. तिची म्हैस शेजाऱ्याने बांधून ठेवली होती. म्हैस कोणाची हे ठरवायला ती कोर्टाच्या आवारात आणली गेली. भाऊजी तिच्याकडे पाठ करून साहेबांना काही समजावून सांगत असताना म्हशीने त्यांच्या काळ्या कोटाची मागची बाजू शांतपणे चावून खाल्ली. भाऊजी दावा जिंकले, म्हातारी म्हैस घेऊन घरी गेली, कोट शिंप्याकडे गेला. गोष्ट तिथेच संपायची. पण पंधरवड्याच्या आत सगळं अकोला म्हणू लागलं:

*काळी म्हैस, काळा कोट, दोघं उभे कोर्टात,*
*साहेब म्हने, वकील कोन, सांगा आधी थोडक्यात!*

हे गात नाहीत, नुसतं म्हणतही नाहीत. टाळी देत, भरभर, पायाचा ठेका धरून एका दमात फेकतात. मी स्वतः ते बाजारात ऐकलं, न्हाव्याच्या दुकानाबाहेर ऐकलं आणि एकदा, खरं सांगायचं तर, अक्काच्या स्वयंपाकघरातून ऐकलं. मी आत गेले तर अक्का कणीक मळत होती आणि तिचा चेहरा फारच गंभीर होता.

हे कवन कोणाचं, असं विचारलं की उत्तर एकच: बिनछाप्याचं. आता छाप म्हणजे काय ते सांगते. इकडे शाहिरांचे सामने होतात. एक फड तुऱ्याचा, तो शिव मोठा म्हणतो. दुसरा कलगीचा, तो शक्ती मोठी म्हणतो. डफावर सवाल-जवाब चालतात आणि कवन संपताना शाहीर शेवटच्या ओळीत गुरूचं आणि स्वतःचं नाव गुंफतो. ती त्याची छाप. हा एक शाहीर मात्र कधीच नाव घालत नाही. त्याचं काही छापून आलेलं नाही, रेडिओवर तो कधी आलेला नाही, तरी खामगावपासून परतवाड्यापर्यंत त्याच्या ओळी लोकांच्या तोंडी आहेत. नवे शिकणारे शाहीर डफ बाजूला ठेवून त्याच्यासारखं भरभर बोलू पाहतात आणि धापा टाकतात, असं भाऊजींचे कारकून मला कौतुकाने सांगत होते. भाऊजी आत आले तेव्हा त्यांनी विषय बदलला.

म्हशीपर्यंत भाऊजींनी सोसलं. पण मी तिथे असतानाच कवनाला पुढचं कडवं फुटलं:

*म्हशीनं खाल्ला कोट अन् वकिलानं खाल्लं अशील,*
*सांगा बापा, दोघांमंदी जास्त कोन पचवील?*

त्या दिवशी भाऊजी जेवले नाहीत. संध्याकाळी ओसरीवर बसून मला म्हणाले, "कोटावर हसा म्हनलं. पन म्या त्या म्हातारीचं काय खाल्लं?" दोन नेहमीची पक्षकार मंडळी दुसऱ्या वकिलाकडे गेली होती. हसण्यावारी नेण्याची वेळ राहिली नव्हती. या माणसाला शोधून काढायचं आणि अब्रूनुकसानीची फिर्याद लावायची, असं त्यांनी ठरवलं. तो दर्यापूरकडचा आहे एवढंच कळलं होतं. अक्का म्हणाली, मालूला, म्हणजे मला, तेवढंच वऱ्हाड दिसेल, आपण तिघं जाऊ. तिचा हा उत्साह मला तेव्हा बहिणीची माया वाटला.

दर्यापूर

मूर्तिजापूरला मोठी गाडी सोडून अरुंद रुळांच्या छोट्या गाडीत बसायचं. ही गाडी घाईत नसते. एका ठिकाणी ती थांबली, तेव्हा चालकाने उतरून कोणाच्या तरी शेतातून हुरडा आणला आणि आम्हालाही दिला. दोन्ही बाजूंना काळी जमीन आणि वेचणीला आलेला कापूस. समोरच्या बाकावर पागोटेवाले एक व्यापारी होते. भाऊजींचा काळा कोट पाहून त्यांनी अगदी सद्भावाने विचारलं, की अकोल्याच्या त्या म्हशीच्या वकिलाला तुम्ही ओळखता का. भाऊजी खिडकीबाहेर पाहू लागले. मीच म्हटलं, ऐकून माहीत आहेत.

दर्यापूरच्या बाजारात भाऊजींनी बिनछाप्याची चौकशी केली. पानवाला म्हणाला, तो अचलपूरला राहतो. कापडवाला म्हणाला, तो मागेच वारला. एकाने तर, असा कोणी माणूसच नाही, ते नुसतं नाव आहे, असं शपथेवर सांगितलं. काळा कोट घालून कोणी कोणाचा पत्ता विचारला, की वऱ्हाडात तो पत्ता रातोरात बदलतो. इथे तर दिवसाढवळ्या बदलत होता. शेवटी एका हॉटेलात आम्ही दमून बसलो, तेव्हा अक्का बशीतला चहा संपवून म्हणाली, "तो पिंजारी आहे. मशिदीमागच्या बोळात राहतो."

भाऊजींनी विचारलं, तुला कसं माहीत. अक्का म्हणाली, चला तर आधी.

बोळात शिरलो तोच आवाज यायला लागला. तुंग, तुंग, तुडुंग. कापूस पिंजायचं मोठं धनुष्य असतं, त्याच्या तातीवर लाकडी ठोका मारला की असा घुमता आवाज निघतो आणि कापूस वर उडतो. एका लांब खोलीत पांढऱ्या धुक्यासारख्या तंतूंत एक सडपातळ माणूस बसला होता. भुवया, दाढी, टोपी, सगळ्यांवर कापूस. त्याने आमच्याकडे पाहिलं, ठोका खाली ठेवला आणि वकिलांना ओलांडून अक्काला सलाम केला. म्हणाला, "या बाई. गाद्या बऱ्या हायेत ना?"

भाऊजी हळूहळू अक्काकडे वळले. दसऱ्याच्या सुमाराला घरच्या गाद्या पिंजून घ्यायला अक्काने याच कादरभाईंना गच्चीवर बसवलं होतं. दिवसभर काम चाललं, गप्पा झाल्या आणि म्हशीची सगळी हकीकत अक्कानेच रंगवून सांगितली होती. अक्का म्हणाली, मला काय ठाऊक हे त्याचं कवन करतील. मग जरा थांबून म्हणाली, आणि केलं ते काही वाईट नाही. भाऊजी दारातल्या बाजेवर बसले. फिर्यादीची पहिली साक्षीदार स्वतःची बायको निघावी, अशी पाळी कोणत्याही वकिलावर येऊ नये.

कादरभाईंच्या बायकोने, जोहराबीने, चहा आणला. अक्काने कप उचलून तोंडाला लावलाही. आमच्या वाड्यात ही बातमी गेली तर काय होईल, याचा विचार मी एक क्षण केला आणि मग चहा निवेल म्हणून प्याले. चांगला होता, आलं घातलेला.

भाऊजींनी आवाज कोर्टातला लावला. म्हशीचं जाऊ दे म्हणाले, पण अशील खाल्लं हे कोणत्या पुराव्यावर म्हणता. कादरभाईंनी दाढीवरचा कापूस झटकला.

"वकीलसाहेब, म्हैस माही हाये," ते म्हणाले. "अशील माहं नाही. म्या मानसाच्या फजितीवर हासतो. त्याच्या इमानावर नाही हासत."

"मग ते कडवं कोनाचं?"

"कोनाचंबी असन. ज्याले छाप नाही त्याच्या नावावर कोनीबी काईबी खपवते."

जोहराबी पडद्याआडून म्हणाली, की गेल्या साली एका गावात यांना मार बसला, तोही यांनी न केलेल्या कवनासाठी. एका भल्या बाईविषयी कोणीतरी घाण ओळी जोडल्या होत्या. हे सांगत राहिले माझं नाही, माझं नाही. पण ते दाखवणार कशावरून? आपल्या कवनावर नाव असतं, तर दुसऱ्याचं कवन आपलं नाही हे सांगता येतं.

मग नाव का घालत नाही, असं मीच विचारलं. कादरभाईंनी आधी धनुष्य भिंतीला टेकवून ठेवलं. नंतर त्यांनी सांगितलं ते माझ्या शब्दांत असं. लहानपणी ते अमरावतीच्या गणोजी वस्तादांच्या आखाड्यात शिरले. वस्ताद तुऱ्याचे, जातीने माळी, आणि डफावर हात असा की माणसं शेतं सोडून येत. या पिंजाऱ्याच्या पोराला त्यांनी मुलासारखं शिकवलं. कादरभाई त्यांचे उजवे हात झाले. एका मोठ्या सामन्यात मात्र कलगीवाल्यांनी सवाल टाकला, जवाब द्यायची पाळी यांची होती, आणि उजाडत आलं होतं. यांच्या डोक्यात तातीचा ठेका घुमायला लागला आणि तोंडातून निघून गेलं:

*शिव मोठा का शक्ती मोठी, रात सरली भांडनात,*
*घरी बायको वाट पाहे, पानी नाही रांजनात!*

दोन्ही फड हसले, सगळी माणसं हसली, सामना तिथेच मोडला. वस्ताद हसले नाहीत. पिढ्यान्‌पिढ्यांच्या विद्येची तू चेष्टा केलीस, म्हणाले. डफ काढून घेतला आणि माझं नाव पुन्हा तोंडात घ्यायचं नाही, असं बजावलं. गुरूचं नाव घेतल्याशिवाय छाप होत नाही. दुसरा गुरू करायला मन होईना. म्हणून डफाच्या जागी पिंजण आलं आणि छापेच्या जागी काहीच नाही. गाद्या पिंजायला गावोगाव जायचं, घराघरातलं ऐकायचं, बाजारच्या दिवशी चार माणसांत म्हणून टाकायचं आणि पुढच्या गावी निघायचं, असं चाललं होतं.

भाऊजींनी कप खाली ठेवला. मग म्हणाले, "ह्या निकालावर अपील झालं होतं का?"

कादरभाईंना कळेना. भाऊजींनी समजावलं, की वस्तादांनी एकतर्फी शिक्षा दिली, आरोपीचं म्हणणं ऐकलं नाही. अशा निकालावर दाद मागता येते. वस्ताद अजून आहेत का? आहेत, कादरभाई म्हणाले. उद्या दुपारी अमरावतीला सामना आहे, त्याला ते येतील. अक्का माझ्याकडे पाहून हसली. आम्ही फिर्याद लावायला निघालो होतो आणि त्याच माणसाचं वकीलपत्र घेऊन परत निघालो.

अमरावती

सकाळी कादरभाईंना घेऊन बसने अमरावती गाठली. गणोजी वस्तादांची संत्र्याची बाग गावाबाहेर आहे. उन्हात खाटेवर एक भलं मोठं पागोटं बसलं होतं. त्याच्याखाली वस्ताद होते. एका कानाने त्यांना कमी ऐकू येतं आणि कोणता कान हे ते समोरच्या माणसावर ठरवतात. कादरभाई कुंपणापाशीच थांबले. त्यांचे पाय आत येईनात. दर्यापूरला वकिलाशी हसत बोलणारा हा माणूस टोपी हातात घेऊन उभा होता.

भाऊजींनी बाजू मांडली. मी त्यांना कोर्टात कधी ऐकलेलं नाही, पण यापेक्षा चांगले ते तिथे बोलत असतील असं वाटत नाही. पुणेरी बाजूला ठेवून ते सरळ वऱ्हाडीत बोलले. म्हणाले, गुन्हा झाला हे मान्य. पण गुन्हेगाराने इतकी वर्षं दुसरा गुरू केला नाही, तुमचं नाव चोरून वापरलं नाही, मार खाल्ला तरी वापरलं नाही. शिक्षा भोगून झाली की तुरुंगातून माणूस सुटतो. याची मुदत कधी संपणार ते तुम्ही सांगा.

वस्तादांनी संत्रं सोलून अक्काच्या हातावर ठेवलं, एक माझ्या. भाऊजींना नाही दिलं. मग कुंपणाकडे न पाहता म्हणाले, "त्याले म्हना, ते पुन्हा म्हन."

कादरभाई आत आले. खाली मान घालून, ठेका न धरता, शाळेतल्या मुलासारखे त्यांनी ते दोन चरण म्हटले. रांजणाच्या शब्दापर्यंत आले आणि घराच्या आतून बाईच्या हसण्याचा आवाज आला. वस्तादांची म्हातारी दारात येऊन उभी राहिली होती.

"हासते पाहा," वस्ताद म्हणाले. "त्या दिवशी घरी आलो, तं रांजनात खरंच पानी नव्हतं. तवापासून हे मले रोज म्हनून दाखवते. तुले काय वाटते, म्या काहून रागावलो होतो?"

म्हातारी म्हणाली, आता पाणी भरतात हो, कवनानंतर एक दिवस चुकले नाहीत. कादरभाईंनी वस्तादांचे पाय धरले. वस्तादांनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, दाढीत कापूस तसाच आहे, अजून टापटीप नाही. मग आम्हा सगळ्यांना वांग्याचं भरीत, भाकरी आणि असा ठेचा वाढण्यात आला, की माझ्या डोळ्यांतलं पाणी प्रसंगाचं की मिरचीचं हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

तिसऱ्या प्रहरी मैदानात सामना भरला. बायका बैलगाड्यांवर बसल्या होत्या, जोहराबीही मागच्या बसने आली होती. कलगी झाली, तुरा झाला. मग वस्तादांनी आपला डफ उचलला आणि सगळ्यांसमोर कादरभाईंच्या हातात दिला. माणसं कुजबुजू लागली. बिनछाप्या म्हणतात तो हाच, हे पुष्कळांना तेव्हाच कळलं. कादरभाईंनी डफावर तातीचाच ठेका धरला आणि त्या ठेक्यावर म्हैस सोडली. मैदान हलायला लागलं. लगेच थांबून त्यांनी सांगितलं, की अशील खाल्ल्याचं कडवं माझं नाही, वकिलाने म्हातारीला न्याय मिळवून दिला, ज्याने ते जोडलं त्याने स्वतःच्या नावावर म्हणावं. आणि मग शेवटी:

*गनोजी वस्ताद गुरू माहा, कादर माहं नाव,*
*शिव्या द्याच्या तं घरी या, दर्यापूर माहं गाव!*

जोहराबीने पदर तोंडावर घेतला. भाऊजी टाळ्या वाजवत उभे राहिले होते. नाव मिळालं, गाव मिळालं. आणि पत्ता इतका चोख सांगितल्यावर व्हायचं तेच झालं. गर्दीतून एक शिपाई आला आणि कादरभाईंना म्हणाला, की तुम्हाला चौकीवर बोलावलं आहे.

शहरातल्या एका फौजदारांच्या मिशीवर बिनछाप्याचं एक कवन कधीचं फिरत होतं. कर्ता सापडत नव्हता. आता त्याने आपणहून नाव सांगितलं होतं. जोहराबी गाडीवरून उतरली, तिचा चेहरा पांढरा पडला होता. नाव नव्हतं तेच बरं होतं, एवढंच ती म्हणाली. अक्काने तिचा हात धरला. भाऊजींनी कोटाची बटणं लावली आणि आम्ही सगळे, मागे अर्धं मैदान घेऊन, चौकीकडे निघालो.

फौजदार बाहेर गेले होते. चष्मा लावलेल्या एका हवालदाराने दऊत पुढे ओढली. भाऊजींनी सांगितलं, मी यांचा वकील. हवालदार म्हणाला, साहेब, तुमी बसा, मले फक्त कवन लिहून घ्याचं हाये. कादरभाई म्हणाले. हवालदाराचा टाक तिसऱ्या शब्दाला अडकला. हळू म्हणा, म्हणाला. कादरभाईंनी विनयाने सांगितलं, की हळू म्हटलं की यमक निसटतं. पुन्हा म्हटलं. खिडकीत गर्दी झाली होती, ती हसली. चौथ्या वेळेला हवालदाराने हात जोडले, तेव्हा कादरभाईंनी एकेक शब्द सुटा करून सांगायला सुरुवात केली.

"फौजदाराची मिशी दाट," ते म्हणाले, "चोर लपला मिशीत. गावभर झडती झाली, साहेब बसले... साहेब बसले घरात."

"नाही नाही," हवालदार न राहवून म्हणाला. "'साहेब राहिले खुशीत' असं हाये ते." आणि टाक खाली ठेवून, मेजावर बोटांनी ठेका धरून, त्याने सगळं कवन पहिल्यापासून एका दमात म्हणून दाखवलं. एक शब्द चुकला नाही.

खिडकीतली गर्दी हसली नाही. म्हणून हवालदाराने मान वळवली. दारात फौजदार उभे होते. मिशी खरोखरच दाट होती.

भाऊजी उठले. अत्यंत अदबीने म्हणाले, की माझ्या अशिलाने हे कवन केलं याला अजून पुरावा नाही. चौकीत ते कोणी म्हटलं, याला मात्र साक्षीदार पुष्कळ आहेत. तेव्हा पंचनाम्यात कोणाचं नाव घालायचं ते साहेबांनी ठरवावं.

फौजदार आत आले, टोपी काढून मेजावर ठेवली आणि त्या कागदाकडे पाहत राहिले. हवालदार भिंतीला चिकटला होता. मग फौजदारांनी कागद उचलून त्याचे चार तुकडे केले. कादरभाईंना बसायला सांगितलं. मिशीवरून एकदा हात फिरवला आणि आवाज खाली आणून विचारलं, "इतकंच हाये का पुढं काही हाये?"

कादरभाईंचे डोळे चमकले. ओठ उघडले. भाऊजींनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला.

"माझा अशील या प्रश्नाचं उत्तर देणार नाही," भाऊजी म्हणाले.

फौजदारांचा चेहरा इतका पडला, की मला त्यांची खरोखर दया आली.